‘भूमिका’: वाड्यात कोंडलेली नटी

श्याम बेनेगल यांचा ‘भूमिका’ (१९७७) हा चित्रपट हिंदीत असला तरी त्यातली माणसे, घरे आणि दुःखे मराठी आहेत. तमाशापटांच्या लाडक्या नायिका हंसा वाडकर यांच्या ‘सांगत्ये ऐका’ या आत्मकथनावर तो बेतला आहे. नायिका उषा साकारली स्मिता पाटील यांनी. त्यांचे वडील शिवाजीराव पाटील धुळे जिल्ह्यातल्या शिरपूरचे. ऐन विशीत या खानदेशकन्येला उषाने राष्ट्रीय पुरस्कार मिळवून दिला.

मागचा काळ ठाऊक नसेल तर उषाची कोंडी उमगत नाही. घरंदाज बायकांनी तोंडाला रंग लावायचा नाही, असा दंडक होता. ‘राजा हरिश्चंद्र’मधली (१९१३) तारामतीही अण्णा साळुंके या पुरुषानेच रंगवली. बोलपट आला, गाता गळा हवा झाला, आणि तो होता पिढीजात कलावंतिणींच्या घरांत. उषा अशाच घरातली. संसार थाटावा ही तिची आस. पण नवऱ्याला हवी असते तिची कमाई, आणि वर त्याचा संशय.

चित्रपटाचा गाभा आहे तो श्रीमंत विनायक काळे (अमरीश पुरी) याच्या वाड्यात. अंथरुणाला खिळलेली बायको असताना तो उषाला घरी आणतो. ती मनापासून रमते, त्याच्या मुलाला जीव लावते. एके दिवशी त्या पोराला घेऊन जत्रेला जायचे म्हणते, तेव्हा कळते की या घरच्या बाईने उंबरठा ओलांडायचा नसतो. हिंदू पुरुषाच्या दुसऱ्या लग्नाला मुंबई प्रांतात बंदी आली ती १९४६ च्या कायद्याने. तोवर घरात सवत आणणे ही समाजाला खटकणारी गोष्टच नव्हती. काळेच्या वाड्यातून उषाची सुटका होते तीही नको असलेल्या नवऱ्याच्या हातून.

मोठ्या घरात अशी कोंडलेली बाई परक्या पडद्यावरही भेटते. दक्षिण कोरियात पुढच्या दशकात तिथल्या जुन्या जोसोन राजवटीच्या काळावर प्रौढांसाठीचे मेलोड्रामा आले. लष्करशहा चुन दू-ह्वान यांच्या अमलात राजकारणावर बोलणे अवघड होते, शृंगाराला मात्र मोकळीक मिळाली. त्यातल्या पुष्कळांना इतिहास हवा होता तो देह दाखवायला निमित्त म्हणून. इम क्वोन-ताएक यांचा ‘सिबाजी’ (१९८७) तसा नव्हे. खानदानी घराला वंशाचा दिवा देण्यासाठी आणलेल्या गरीब मुलीची ती गोष्ट. मूल झाले की तिचे काम संपते. त्या भूमिकेसाठी कांग सू-यन यांना व्हेनिस चित्रपट महोत्सवाचा पुरस्कार मिळाला.

उषाला मात्र शेवटी लेक घरी बोलावते. ती जात नाही. हॉटेलच्या खोलीत एकटीच राहते.