हमी, मनाई हुकूम आणि लहान कंत्राटदार

गावातील जामीनकी आणि बँकेची हमी या दोन गोष्टी वरवर सारख्या भासतात. वस्तुतः त्यांत मोठे अंतर आहे. गावातला जामीनदार वसुली दारात आली की मूळ कर्जदाराकडे बोट दाखवतो आणि तंटा सुरू होतो. बिनशर्त हमी देणाऱ्या बँकेला ही सोय नाही. हमीपत्रातील शब्दांप्रमाणे मागणी आली की तिने पैसे मोजावेत आणि मूळ करारातील भांडण संबंधितांनी लवादापुढे न्यावे, असा दंडक आहे. आधी पैसे, मागाहून वाद, या भरवशावर व्यापारातील पत उभी असते.

हिमायतनगरसारख्या तालुक्याच्या गावी हा विषय मुंबई-दिल्लीच्या वकिलांचा वाटेल. परंतु रस्ता, पूल वा शाळेची इमारत बांधणाऱ्या स्थानिक कंत्राटदारालाही अशी हमी द्यावी लागते. केंद्राच्या २०१७ च्या सर्वसाधारण वित्तीय नियमांत काम नीट पार पाडण्याच्या अनामतीचे प्रमाण कंत्राटाच्या किमतीच्या ५ ते १० टक्के होते. साथीच्या काळात, नोव्हेंबर २०२० मध्ये, ते ३ टक्क्यांवर आणले गेले. बँक हमी फुकट देत नाही. ती कमिशन घेते, मुदत ठेव अडकवून ठेवते, पुष्कळदा स्थावर तारणही मागते. हमी वटली की बँक तो पैसा अखेर कंत्राटदाराकडूनच वसूल करते. साहजिकच वाद उद्भवताच, लवादाचा निवाडा होईपर्यंत हमी वटवू देऊ नये, अशी विनवणी घेऊन तो न्यायालयाकडे धावतो.

१९९६ च्या लवाद कायद्याच्या कलम ९ ने अंतरिम मनाई हुकूम मागण्याची वाट ठेवली आहे. मात्र न्यायालयांनी ती जाणीवपूर्वक अरुंद राखली आहे. कोचीनची एक कंपनी अवसायनात निघाली, तेव्हा तिच्यासाठी कॅनरा बँकेने तत्कालीन महाराष्ट्र राज्य विद्युत मंडळाला दिलेल्या हमीचा प्रश्न आला. कंपनी बुडाली म्हणून बँकेची जबाबदारी बुडत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८२ साली ठरवले. १९८७ साली उत्तर प्रदेश सहकारी महासंघाच्या वनस्पती तुपाच्या कारखान्यासंबंधीच्या वादात त्याच न्यायालयाने मनाई हुकूम रद्द केला. त्यातून दोनच अपवाद रूढ झाले: उघड व घोर फसवणूक, किंवा कधीही भरून न निघणारा अन्याय. हा दुसरा अपवाद किती कडक आहे, हे इराणच्या उदाहरणावरून कळते. तेथील क्रांतीनंतर इराणी न्यायालयात दाद मिळण्याची आशाच उरली नाही, तेव्हा १९८३ साली अमेरिकेतील न्यायालयाने एका अमेरिकन कंपनीच्या बाजूने मनाई दिली. नुसता तोटा होईल, एवढे कारण पुरत नाही.

२०२० च्या टाळेबंदीत या तत्त्वाची परीक्षा झाली. दक्षिण कोरियातून पोलाद मागवणाऱ्या आयातदारांनी बँकेची पतपत्रे रोखण्याची विनंती केली. ८ एप्रिल रोजी मुंबई उच्च न्यायालयाने ती नाकारली. दिल्ली उच्च न्यायालयाने २० एप्रिलला हॅलिबर्टन कंपनीला वेदांताविरुद्ध हमीवर तात्पुरती मनाई दिली; परंतु २९ मे रोजी तीही उठली.

हे सारे लहान माणसावर निष्ठुर नाही काय, असा प्रश्न कोणी विचारील. प्रश्न रास्त आहे, उत्तर मात्र उलट आहे. मनाई सहज मिळू लागली, तर हमीपत्राला कागदाचे मोल उरणार नाही. मग सरकारी खाती रोख अनामत मागतील. आणि रोख रक्कम नेमकी लहान कंत्राटदाराकडेच नसते. शिवाय सवलतीचा लाभ ज्येष्ठ वकील उभा करू शकणाऱ्या बड्या कंपन्यांना होईल. तालुक्यातील कंत्राटदार नांदेडच्या न्यायालयाची पायरी चढेपर्यंत त्याची हमी वटलेली असेल.

खरा बचाव सही करण्यापूर्वी आहे. वालचंद हिराचंद यांनी स्थापन केलेल्या हिंदुस्तान कन्स्ट्रक्शन कंपनीचा बिहार सरकारशी धरणाच्या कामावरून वाद झाला. १९९९ साली सर्वोच्च न्यायालयाने कंपनीच्या बाजूने कौल दिला. हमीपत्र मूळ कराराच्या कलमाशी जोडलेले, म्हणजे सशर्त होते. आणि मागणी मुख्य अभियंत्याऐवजी कार्यकारी अभियंत्याने केली होती. अशा दोन ओळींवर निकाल फिरला. पण बड्या कंपनीला शब्दांची घासाघीस करता येते. लहान कंत्राटदारापुढे खात्याचा छापील नमुना येतो आणि तो मुकाट्याने सही करतो.

म्हणून सुधारणा हवी ती त्या छापील नमुन्यात. हमी वटवण्यापूर्वी कंत्राटदाराला लेखी नोटीस मिळावी, वरिष्ठ अधिकाऱ्याने कारणे नोंदवावीत आणि निवाडा कंत्राटदाराच्या बाजूने लागल्यास रक्कम व्याजासह ठरावीक मुदतीत परत व्हावी, अशा अटी सरकारने स्वतःवर घालून घ्याव्यात. न्यायालयांनी बँकेला तिचा शब्द पाळायला लावणे योग्यच आहे. परंतु तो शब्द लिहून घेणाऱ्या सरकारनेही न्यायाने वागण्याचे बंधन पत्करले पाहिजे.