बॉटची वाट

संपादकांनी विषय दिला होता नव्या पिढीच्या गेमचा. मी जुने मागून घेतले. नवा शूटर गेम आता शंभर जीबीच्याही पुढे जातो, सुरू होताच सर्व्हरची विचारपूस करतो आणि अपडेट उतरवून घेतल्याशिवाय खेळू देत नाही. चंद्रपूर शहरात, ऊर्जानगरच्या वसाहतीत किंवा बल्लारपुरात हे निभून जातं. आलापल्ली ओलांडून भामरागडच्या रस्त्याला लागलं की निभत नाही. पावसाळ्यात पर्लकोटा नदीला पूर आला की भामरागडचा रस्ताच बंद पडतो, आणि त्या दिवसांत वीज आणि नेटवर्क यांचाही भरवसा नसतो. अशा ठिकाणी वीस-पंचवीस वर्षांपूर्वीचा गेम, तोही नेटशिवाय एकट्याने खेळता येईल असा जुळवलेला, ही फार मोलाची गोष्ट आहे.

अहेरीला माझी बहीण राहते. तिच्या घरी विंडोज ७ वर चालणारा, दोन जीबी रॅमचा संगणक अजून सुस्थितीत आहे. दहावीतल्या भाच्याने त्याच्यावर काउंटर-स्ट्राइक १.६ चढवला आहे. नागपूरहून सुटीत आलेल्या एका मित्राने त्याला पेनड्राइव्हवर जे जे आणून दिलं, त्यातलं निम्मं चालत नव्हतं. ते का चालत नाही हे पाहायला मी बसलो आणि या गेमच्या पोटात जे यंत्र दिसलं, त्याने मला धरून ठेवलं.

इतिहास थोडक्यात सांगतो. १० डिसेंबर १९९३ ला 'डूम' आला. त्याचा प्रोग्रामर जॉन कारमॅक याने गेम चालवणारं इंजिन वेगळं ठेवलं आणि नकाशे, चित्रं, आवाज हे सगळं 'वॅड' नावाच्या फाइलमध्ये वेगळं बांधलं. मूळ फाइलला धक्का न लावता लोक स्वतःची वॅड शेजारी ठेवून नवे नकाशे खेळायला लागले. डूमच्याच कंपनीचा 'क्वेक' १९९६ मध्ये आला. क्वेकच्या इंजिनावर काम करून वॉल्व्ह कंपनीने नोव्हेंबर १९९८ मध्ये 'हाफ-लाइफ' काढला. आणि हाफ-लाइफवर मिन्ह ले आणि जेस क्लिफ या दोघांनी जून १९९९ मध्ये जो मॉड, म्हणजे मूळ गेमवर चढवलेला बदल, बसवला, तोच काउंटर-स्ट्राइक. पुढे वॉल्व्हने तो स्वतःकडे घेतला आणि २००० मध्ये दुकानात आणला. आपल्याकडच्या सायबर कॅफेंमध्ये तासाचे पैसे मोजून एका पिढीने जो गेम खेळला, तो मुळात कुणीतरी हौसेने केलेला मॉड होता, ही गोष्ट मला आजही थोर वाटते. त्याच काळात 'प्रोजेक्ट आयजीआय' हा नॉर्वेत घडलेला गेमही आपल्याकडे घरोघरी होता, पण तो पहिल्यापासूनच एकट्याने खेळायचा. काउंटर-स्ट्राइकचं तसं नव्हतं. त्याला समोर माणसं लागतात. कॅफेत ती शेजारच्या खुर्चीवर असत. अहेरीत संगणक एकच आणि खेळणाराही एकच.

इथे बॉट येतात. बॉट म्हणजे माणसाच्या जागी खेळणारा, संगणकाने चालवलेला खेळाडू. काउंटर-स्ट्राइक १.६ सोबत वॉल्व्हने बॉट दिले नव्हते, ते २००४ च्या 'कंडिशन झीरो'त आले. पण लोक तोवर थांबले नव्हते. 'पॉड-बॉट' हा त्यांतला गाजलेला. काउंट फ्लॉइड या टोपणनावाने लिहिणाऱ्या मार्कुस क्लिंगे याने तो केला, इतरांनी पुढे वाढवला, आणि 'यापीबी' या नावाने त्याचा वंश आजही चालू आहे.

तो बसतो कसा, हे बघण्यासारखं आहे. हाफ-लाइफच्या इंजिनाला खेळाचे नियम माहीत नसतात. कुणाला गोळी लागली, बॉम्ब कुठे ठेवायचा, फेरी कधी संपते, हे सगळं एका वेगळ्या डीएलएल फाइलमध्ये असतं. ती फाइल कुठे आहे हे इंजिन 'लिबलिस्ट' नावाच्या एका साध्या मजकुराच्या फाइलमध्ये वाचतं. मॉड करणाऱ्यांनी नेमकी ही ओळ पकडली. तिथे मूळ डीएलएलच्या जागी 'मेटामॉड'चा पत्ता लिहायचा. इंजिन मेटामॉडला उचलतं, मेटामॉड मूळ नियमांची फाइल उचलतो आणि दोघांच्या मध्ये बसून निरोप इकडून तिकडे पोचवतो. पॉड-बॉट मेटामॉडच्या यादीत नाव घालून आत शिरतो आणि इंजिनाला सांगतो, एक खेळाडू आला आहे. इंजिन विश्वास ठेवतं. कीबोर्ड नाही, माउस नाही, तरी त्या खेळाडूचं नाव गुणफलकावर झळकतं. इंजिनाचा किंवा नियमांच्या डीएलएलचा एक बाइटही न बदलता हे सगळं होतं.

पण आत आलेला बॉट आंधळा असतो. समोर भिंत आहे की दार, हे त्याला आपल्यासारखं दिसत नाही. कुणाला तरी आधी तो नकाशा पायी फिरून जागोजागी बिंदू टाकावे लागतात आणि कुठल्या बिंदूवरून कुठल्या बिंदूवर जाता येतं हे जोडून द्यावं लागतं. याला वेपॉइंट म्हणतात. वनरक्षक आपली बीट पायी फिरून ओढा, पाणवठा, चढ मनात नोंदवतो, तसंच हे काम आहे, आणि तितकंच चिकाटीचं. एका नकाशात जास्तीत जास्त १०२४ बिंदू. त्यांतही प्रकार आहेत: इथे वाकून जा, इथे दबा धरून बस, इथे बॉम्ब ठेवायचा, इथे ओलीस सोडवून आणायचे, ही वाट फक्त एकाच पक्षाची.

भाच्याच्या पेनड्राइव्हवरच्या एका नकाशात शिडी होती. दोन बॉट त्या शिडीच्या पायथ्याशी येत आणि फेरी संपेपर्यंत तिथेच अडकून राहत. "मामा, हा तर भिंतीलेच धडकून राहिला," भाचा म्हणाला. वेपॉइंट दिसण्याची सोय चालू केली तेव्हा पडद्यावर बिंदूंच्या उभ्या रेघा उमटल्या आणि कारण समोर आलं. शिडीचा खालचा बिंदू शिडीवर चढून टाकलेला नव्हता, जमिनीवर उभं राहून टाकलेला होता. त्यामुळे बॉटच्या लेखी ती शिडी नव्हतीच, सरळ चालत जायची वाट होती, आणि तो इमाने चालत होता. तो बिंदू काढला, शिडीला लटकून नवा टाकला, वरच्या बिंदूशी जोडला, फाइल जतन केली. पुढच्या फेरीत पहिला बॉट शिडीशी आला, चढला आणि वरून त्याने भाच्यालाच टिपलं. पोरगा एवढा खूश झाला की मेल्याचंही त्याला काही वाटलं नाही.

याहून मला थक्क केलं ते बॉटच्या अनुभवाच्या फाइलने. पॉड-बॉट प्रत्येक नकाशासाठी एक वेगळी नोंद ठेवतो. कुठल्या बिंदूवर असताना कुठल्या बिंदूवरून मार बसला, याचा हिशेब त्यात साठत जातो. फेऱ्यांवर फेऱ्या झाल्या की बॉट धोक्याच्या जागा टाळायला लागतो आणि जिथून पूर्वी गोळी आली तिकडे बंदूक रोखून जातो. तुम्ही रोज त्याच कोपऱ्यात दबा धरून बसत असाल, तर काही दिवसांनी तो कोपरा तुमच्या कामाचा राहत नाही. आजच्या कृत्रिम बुद्धिमत्तेच्या गजरात या लहानशा फाइलचं कौतुक कोण करणार? मी करतो. अहेरीच्या त्या संगणकावरचे बॉट भाच्याच्या सवयी ओळखतात. चंद्रपूरच्या एखाद्या संगणकावरचे त्याच नावाचे बॉट ओळखणार नाहीत.

गडचिरोली जिल्ह्यात बंदुकीचा गेम म्हटला की घरात कपाळावर आठी पडते आणि ती समजून घ्यायला हवी. १ मे २०१९ ला कुरखेडा तालुक्यात जांभुळखेड्याजवळ भूसुरुंगाच्या स्फोटात १५ पोलीस जवान आणि गाडीचा चालक गेले. ज्या गावातली मुलं पोलिसांच्या सी-६० पथकात भरती होतात, तिथे पडद्यावर बॉम्ब पुरणं हा सगळ्यांना खेळ वाटेलच असं नाही. बहिणीलाही वाटत नव्हता. मॉडचा एक फायदा असा की गेम बदलता येतो. 'स्वेन को-ऑप' हा हाफ-लाइफवरचाच जुना मॉड आहे, २०१६ पासून स्टीम या वॉल्व्हच्या ऑनलाइन दुकानात स्वतंत्रपणे मोफत मिळतो, आणि त्यात सगळे एका बाजूने परग्रहावरच्या प्राण्यांशी लढतात. 'फ्रीडूम' तर डूमच्या इंजिनावर चालणारा पूर्ण मुक्त गेम. तो पेनड्राइव्हवर कुणालाही द्यायला कायद्याची आडकाठी नाही. घरात हा पर्याय असायला हवा, असं माझं ठाम मत आहे.

आता अडचणींकडे येतो, कारण मुलं खरी अडतात ती तिथे.

सगळ्यात जास्त वेळ खाणारी चूक सगळ्यात साधी असते. झिप उघडताना फोल्डरच्या आत त्याच नावाचा दुसरा फोल्डर तयार होतो. इंजिन बाहेरच्या फोल्डरमध्ये लिबलिस्ट शोधतं, ती आतल्यात असते, आणि मॉड यादीत दिसतच नाही. त्यानंतरची चूक जागेची. गेम 'प्रोग्रॅम फाइल्स'मध्ये बसवला असेल तर व्हिस्टापासून पुढचं विंडोज जुन्या गेमला तिथे लिहू देत नाही. गेमने केलेला बदल गुपचूप 'व्हर्च्युअल स्टोअर' नावाच्या दुसऱ्याच जागी नेऊन ठेवतं. तुम्ही एका फाइलमध्ये बदल करता, गेम दुसरीच वाचतो. भाच्याच्या बॉटचा अनुभव साठत नव्हता तो याच कारणाने. सी ड्राइव्हवर 'गेम्स' नावाचा फोल्डर करून सगळं तिथे हलवलं आणि प्रश्न मिटला.

नकाशा उघडताना गेम बंद पडून वॅड सापडत नाही असं सांगत असेल, तर नकाशा आला आहे पण त्याच्या भिंतींची चित्रं मागे राहिली आहेत. पेनड्राइव्हवरून फक्त नकाशाची फाइल उचलणाऱ्यांच्या नशिबी हे हमखास येतं. नकाशासोबत वॅड, आवाज, मॉडेल आणि वेपॉइंट असा पूर्ण संच लागतो. उलट, हौसेपायी बंदुका आणि कपड्यांची शेकडो मॉडेल भरली, तर इंजिनाची ५१२ ची मर्यादा ओलांडली जाते आणि नकाशा उघडतच नाही. वेपॉइंटच्या फाइलमध्ये बदल केला की जुनी अनुभवाची फाइल तिच्याशी जुळत नाही आणि बॉट पुन्हा कोरे होतात. शिडी दुरुस्त केल्यावर आमचेही झाले.

डायरेक्टएक्सची एखादी डीएलएल नाही अशी तक्रार आली की मुलं ती एकटी फाइल कुठून तरी आणून टाकतात. हे करू नये. मायक्रोसॉफ्टचा जून २०१० चा पूर्ण संच एकदा उतरवून पेनड्राइव्हवर ठेवला की नेट नसलेल्या कितीही संगणकांवर तो बसवता येतो. अँटिव्हायरस मेटामॉडसारखी डीएलएल उचलून कोंडून ठेवतो, कारण दुसऱ्या प्रोग्रामच्या मध्ये शिरणं हे व्हायरसचंही काम असतं. म्हणून फाइल मूळ जागेवरून घेतली आहे याची खात्री असेल तरच तिला सूट द्यावी. अनोळखी हाताने आलेल्या पेनड्राइव्हला ती देऊ नये.

आणि काही अडचणींवर घरात बसून सोपा उपाय नाही. जुन्या अनेक सीडींवर सेफडिस्क नावाचं कुलूप होतं. २०१५ मध्ये विंडोज १० ने ते चालवणं बंद केलं आणि त्याच वर्षी सुरक्षेच्या कारणाने जुन्या विंडोजवरही ते अपडेटने बंद झालं. पैसे देऊन घेतलेली सीडी हातात असूनही गेम उघडत नाही. नोव्हेंबर २०२३ मध्ये हाफ-लाइफला २५ वर्षं झाली म्हणून वॉल्व्हने मोठा अपडेट दिला. तो चांगलाच होता, पण जुने काही मॉड त्यावर अडखळले. वॉल्व्हने आधीची आवृत्ती स्टीमच्या बीटा यादीत ठेवली म्हणून बरं. पण ती निवडायलाही एकदा नेट लागतंच. स्टीमवर घेतलेला गेम ऑफलाइन चालतो खरा, मात्र आधी एकदा ऑनलाइन लॉगइन करून, अपडेट पूर्ण होऊ देऊन मगच ऑफलाइन व्हावं लागतं. हे काम चंद्रपूरला किंवा नागपूरला असतानाच उरकावं. भामरागडला पोचल्यावर ते सुचून उपयोग नाही.

मला काळजी वाटते ती मॉड जपण्याची. गेम वॉल्व्ह सांभाळेल. वेपॉइंट, वॅड आणि जुने नकाशे मात्र कुणाच्या तरी हार्डडिस्कवर आहेत, आणि ती हार्डडिस्क चंद्रपूरच्या उन्हाळ्यात, पंख्याच्या वाऱ्यावर, विजेच्या झटक्यांत चालते आहे. म्हणून ज्यांच्या घरात असा जुळवलेला गेम आज चालतो आहे, त्यांनी कृपा करून दोन कामं करावीत. मॉड चढवण्याआधीच्या मूळ फोल्डरची एक प्रत आणि आत्ता चालतोय त्या फोल्डरची एक प्रत वेगळ्या डिस्कवर ठेवावी. आणि काय कुठे टाकलं, कुठली ओळ बदलली, कुठल्या क्रमाने बसवलं, हे मराठीत एका साध्या टेक्स्ट फाइलमध्ये लिहून त्याच फोल्डरमध्ये ठेवावं. पेनड्राइव्ह पुढच्या मुलाच्या हातात जाईल, तेव्हा सांगणारा मित्र शेजारी असेलच असं नाही.