कथेच्या फांद्यांमधील अंतर

वर्धा जिल्ह्यातील ‘आंजी’ हे गावाचे नाव एखाद्या लेखनिकाने ‘अंजी’ असे उतरवले, तर दोन पाठांत एका बदलाचे अंतर पडते. एका शब्दाचा दुसरा करण्यासाठी किमान किती अक्षरे घालावी, गाळावी वा बदलावी लागतात हे सांगणारे हे माप लेव्हेनश्टाइन या सोव्हिएत गणितज्ञाने १९६५ मध्ये मांडले. कथांना मात्र ते तोकडेच पडते. पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने १९६६ मध्ये पूर्ण केलेल्या महाभारताच्या चिकित्सित आवृत्तीचे, म्हणजे पाठभेद तोलून सिद्ध केलेल्या संहितेचे, संपादक विष्णु सीताराम सुखटणकर यांना उत्तरेची व दक्षिणेची परंपरा वेगळी काढता आली, परंतु लेखनिकांनी अनेक पोथ्यांतील पाठ एकमेकांत मिसळल्यामुळे त्या पोथ्यांचा निखळ वंशवृक्ष मांडता आला नाही. अशा गुंतलेल्या फांद्यांवर पट्टी टेकवायची कोठे?