झोपडीचं वय
वाडा केव्हाचा हे चौकटीवर कोरलेला सन सांगतो. मुंबईतल्या झोपडीचं काय? कूड गेला, पत्रा आला, पत्र्याच्या जागी वीट आली. भिंतीला विचारून उपयोग नाही. वस्तीतल्या लोकांचे कागद मी लावून देतो, तेव्हा आधी १९७६ च्या झोपडीगणनेनंतरचा फोटोपास मागतो. तो नसला तर जुनी मतदारयादी, वीजबिल. पुनर्वसन योजनेत १ जानेवारी २००० पूर्वीच्या झोपडीला मोफत घर. पुढे १ जानेवारी २०११ पर्यंतच्या झोपडीला पैसे भरून. म्हातारी सांगते, "बहात्तरच्या दुष्काळात आलो." खरंच असतं ते. पण यादीत नाव नसेल, तर साहेबाच्या लेखी तिची झोपडी अजून उभीच राहिलेली नसते.