हायमे आना : कायी टोळीची कुलमाता (लेखांक चौथा)

मंगोल स्वाऱ्यांच्या रेट्यामुळे तेराव्या शतकात तुर्कमान टोळ्या अनातोलियात कशा सरकत गेल्या, याचा आढावा मागील लेखांकात घेण्यात आला. या टोळ्यांपैकी ओघुझ तुर्कांच्या कायी शाखेतून उस्मानी राजघराणे उदयास आले, असे परंपरा मानते. त्या घराण्याची कुलमाता म्हणून तुर्कस्तानात आजही ज्यांचे नाव आदराने घेतले जाते, त्या हायमे आना म्हणजे अर्तुग्रुल गाझीच्या आई आणि पहिल्या उस्मानच्या आजी. ‘आना’ म्हणजे आई. प्रतिष्ठित स्त्रीच्या नावापुढे लागणाऱ्या ‘हातून’ या उपाधीनेही त्या ओळखल्या जातात.

परंपरेनुसार, त्यांचे पती सुलेमान शाह युफ्रेटिस नदी ओलांडताना बुडून मरण पावले आणि टोळीत फूट पडली. काही मुलगे पूर्वेकडे परतले, तर सुमारे ४०० तंबूंचा गट अर्तुग्रुलबरोबर पश्चिमेकडे निघाला. या खडतर वाटचालीत टोळी एकत्र राखण्याचे श्रेय लोकस्मृती हायमे आनांना देते. मात्र या पूर्वजकथा आज ज्या रूपात वाचायला मिळतात, ते रूप पंधराव्या शतकातील बखरकारांनी दिलेले आहे. त्यांच्यातही एकवाक्यता नाही. १४६५ मध्ये ग्रंथ पूर्ण करणारा एन्वेरी अर्तुग्रुलच्या पित्याचे नाव सुलेमान शाह नव्हे, तर गुंदुझ आल्प असे देतो. म्हणून हायमे आनांच्या चरित्रातील प्रत्येक प्रसंग इतिहास म्हणून स्वीकारता येत नाही.

परंतु टोळीच्या जीवनात स्त्रियांना असलेले स्थान ही कल्पित गोष्ट नव्हे. कायी टोळीचा हिवाळी तळ सोगुत येथे, तर उन्हाळी कुरणे दोमानिचच्या डोंगरात होती. उस्मानच्या काळात टोळी कुरणांकडे निघताना आपले जड सामान बिलेजिकच्या तेकफुराकडे, म्हणजे गढीच्या बायझंटाइन अंमलदाराकडे, ठेव म्हणून सोपवीत असे आणि परतल्यावर त्याला चीज, गालिचे व कोकरे भेट देत असे, असे बखरकार आशिकपाशाझादे सांगतो. बैलांवर लादलेले हे सामान गढीत पोहोचवण्याचे काम स्त्रियांकडे होते, आणि पुढे याच रिवाजाचा आडोसा घेऊन उस्मानच्या योद्ध्यांनी बिलेजिक घेतले, अशी कथाही तो देतो. अनातोलियातील चार समूहांची नोंद करताना गाझी (धर्मयोद्धे), अही (कारागिरांचे बंधुसंघ) आणि अब्दाल (फकीर) यांच्या जोडीला तो ‘बाजियान-ए-रूम’, म्हणजे रूमच्या (अनातोलियाच्या) भगिनी, यांचाही उल्लेख करतो.

याहून भक्कम पुरावा उस्मानचा मुलगा ओरहान याच्या काळात मिळतो. १३२४ मधील ओरहानच्या वक्फनाम्यात, म्हणजे धर्मादाय दानपत्रात, साक्षीदारांमध्ये उमर बेची कन्या आणि बहुधा उस्मानची पत्नी असलेल्या माल हातून हिचे नाव आहे. त्यानंतर काही वर्षांनी इझनिकला आलेल्या प्रवासी इब्न बतूताला तेथील सैन्याचा कारभार ओरहानची पत्नी बयलून हिच्याकडे असल्याचे आढळले. नातसून आणि पणतसून यांच्या पिढ्यांतील स्त्रिया दानपत्रावर साक्ष देत आणि सैन्य सांभाळत असतील, तर आजीने टोळीला सावरले ही आठवण त्या समाजाच्या रीतीशी पूर्णपणे सुसंगत ठरते.

हायमे आनांची कबर म्हणून पूजनीय मानले जाणारे स्थान कुताह्या प्रांतात, दोमानिचजवळच्या चारशांबा गावी आहे. तेथील ‘तुर्बे’, म्हणजे कबरीवरील घुमटी, एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस सुलतान दुसरा अब्दुल हमीद याने बांधवून घेतली. १८७७-७८ च्या रशियाविरुद्धच्या युद्धात बाल्कनमधील मोठा मुलूख गेल्यानंतर घराण्याची प्रतिष्ठा सावरण्यासाठी त्याने सोगुत-दोमानिच परिसरातील मूळपुरुषांच्या स्मृती जाणीवपूर्वक उजळल्या, आणि त्यात कुलमातेलाही स्थान दिले. चारशांबा येथे दर सप्टेंबरमध्ये त्यांच्या स्मरणार्थ भरणाऱ्या उत्सवात स्थलांतराची परंपरा आजही साजरी होते.

तेव्हा हायमे आनांच्या चरित्रातील दंतकथा आणि नोंद वेगळ्या ठेवूनच त्यांच्याकडे पाहिले पाहिजे. तसे पाहिल्यावरही त्यांचे महत्त्व उणावत नाही, कारण उस्मानी सत्तेचा पाया केवळ तलवारीने नव्हे, तर तंबू, कळप आणि ठेवी सांभाळणाऱ्या स्त्रियांच्या कर्तृत्वानेही घातला गेला, आणि हे सत्य तुर्की लोकस्मृतीने त्यांच्याच नावाने जपले आहे.