'प्रतिनिधी' या शब्दाचा अर्थ आणि सांगोला मतदारसंघ

लोकशाही राज्यपद्धतीच्या परिभाषेतील बहुतेक मराठी शब्द आज इतके रुळले आहेत की, त्यांच्या अर्थाचा वेगळा विचार करण्याचे सहसा कोणास कारण पडत नाही. 'प्रतिनिधी' हा असाच एक शब्द होय. परंतु 'प्रतिनिधित्व' म्हणजे नेमके काय, या प्रश्नावर राज्यशास्त्रात दीर्घ वाद झालेला आहे, आणि त्या वादाचे मूळ पुष्कळ अंशी या शब्दाच्या दुहेरी अर्थात आहे. प्रतिनिधी हा दुसऱ्याच्या जागी येणारा, की दुसऱ्याचे काम करणारा? पहिल्या अर्थाने मूळ व्यक्ती बाजूस सरते. दुसऱ्या अर्थाने ती धनी म्हणून कायम राहते. हा भेद केवळ कोशातला नाही, हे सोलापूर जिल्ह्यातील सांगोला या ग्रामीण मतदारसंघाच्या उदाहरणावरून चांगले स्पष्ट होते.

प्रथम शब्दाचा विचार करू. 'प्रति' आणि 'नि' हे उपसर्ग व 'धा' म्हणजे ठेवणे हा धातू, यांपासून हा शब्द सिद्ध झाला आहे. 'एकाच्या जागी ठेवलेले दुसरे' हा त्याचा मूळ अर्थ. त्याची शास्त्रीय चर्चा पूर्वमीमांसेत, जैमिनीच्या सूत्रांच्या सहाव्या अध्यायात, आढळते. यज्ञासाठी विहित द्रव्य मिळाले नाही तर त्याच्या जागी सदृश द्रव्य घेता येते. उदाहरणार्थ, व्रीही नसल्यास नीवार, म्हणजे देवभात, चालतो. या पर्यायी द्रव्यास 'प्रतिनिधी' अशी संज्ञा आहे. परंतु या सवलतीस मर्यादा आहे. देवतेस प्रतिनिधी नाही, मंत्रास नाही, आणि यज्ञाचा जो स्वामी, त्या यजमानासही नाही. कारण यज्ञाचे फळ त्याचे असते. सत्रामध्ये अनेक यजमान असतात व त्यांपैकी एखादा मध्येच दिवंगत झाल्यास संख्या पुरी करण्यासाठी दुसरा घेता येतो. परंतु असा घेतलेला मनुष्य कर्म करतो, स्वामी होत नाही. प्रतिनिधीने कार्य करावे, स्वामित्व मात्र त्याच्याकडे जात नाही, हा विचार येथे निःसंदिग्धपणे मांडलेला आहे.

मराठ्यांच्या राज्यकारभारात हा शब्द पदनाम म्हणून आला. छत्रपती राजाराम महाराजांनी जिंजीच्या वास्तव्यात प्रल्हाद निराजी यांना 'प्रतिनिधी' हे पद दिले. पुढे हे पद औंधच्या पंतप्रतिनिधी घराण्याकडे वंशपरंपरेने राहिले. येथे प्रतिनिधित्वाची दिशा वरून खाली अशी आहे: प्रतिनिधी हा राजाचा, प्रजेचा नव्हे. त्या प्रतिनिधीचाही कारभार पाहणारा 'मुतालिक' असे. म्हणजे प्रतिनिधीला पुन्हा प्रतिनिधी. या साखळीचा एक दुवा सांगोल्यातच सापडतो. शाहू महाराजांच्या निधनानंतर 1750 मध्ये प्रतिनिधींचे मुतालिक यमाजी शिवदेव यांनी सांगोल्याच्या किल्ल्याचा आश्रय घेऊन पेशव्यांस विरोध केला. त्यांच्यावर चालून गेलेल्या सदाशिवरावभाऊंच्या समवेत छत्रपती रामराजेही होते. तेथेच झालेल्या करारान्वये राज्यकारभाराची सूत्रे पेशव्यांच्या हाती गेली. इतिहासात 'सांगोल्याचा करार' म्हणून प्रसिद्ध असलेल्या या घटनेचे सार असे की, ज्याने स्वामीचे काम करावयाचे, तोच व्यवहारतः स्वामी झाला. मीमांसकांनी जे निषिद्ध मानले, ते राजकारणात घडले.

विसाव्या शतकात प्रौढ मतदानाबरोबर प्रतिनिधित्वाची दिशा उलटली. नवी परिभाषा घडली, तिच्यात मात्र जुने प्रत्यय टिकून राहिले. 'आमदार' या शब्दातील 'आम' हा अरबीतून फारसीच्या द्वारे आलेला असून 'सर्वसामान्य' हा त्याचा अर्थ आहे. 'दार' हा फारसी प्रत्यय 'धारण करणारा' या अर्थी येतो. वतनदार, जहागीरदार, सुभेदार या शब्दांत तोच आहे. त्यामुळे 'आमदार' या शब्दास सत्तास्थान धारण करणाऱ्याची छटा येते. पण तोच प्रत्यय 'मतदार' या शब्दातही आहे, हे ध्यानात घेतले पाहिजे. हिंदीत 'मतदाता' म्हणजे मत देणारा असा शब्द रूढ आहे. मराठीत 'मतदार' म्हणजे मत धारण करणारा. दिलेली वस्तू देणाऱ्याची राहत नाही. धारण केलेली राहते. व्युत्पत्तीवरून समाजाचे वर्तन सिद्ध होत नाही हे खरे. तथापि मराठी शब्दाने सुचविलेला अर्थ सांगोल्याच्या मतदारांनी प्रत्यक्षात कसा वागविला, हे पाहण्यासारखे आहे.

सांगोला तालुका सह्याद्रीच्या पूर्वेकडील पर्जन्यछायेच्या प्रदेशात मोडतो. माण नदी त्यातून वाहते, परंतु तिला बारमाही पाणी नसते. शेजारच्या आटपाडी व माण तालुक्यांप्रमाणे येथेही मेंढपाळी करणाऱ्या धनगर समाजाची वस्ती मोठी आहे. अलीकडच्या काळात डाळिंबाच्या लागवडीसाठी तालुक्याचे नाव झाले. 1962 मध्ये महाराष्ट्र राज्याच्या स्थापनेनंतरच्या पहिल्या निवडणुकीत येथून शेतकरी कामगार पक्षाचे गणपतराव देशमुख निवडून आले. त्यानंतर 1967, 1974 ची पोटनिवडणूक, 1978, 1980, 1985, 1990, 1999, 2004, 2009 आणि 2014 असे एकूण 11 वेळा ते एकाच मतदारसंघातून, एकाच पक्षातर्फे विजयी झाले. 2019 ची निवडणूक त्यांनी लढविली नाही. 2021 मध्ये त्यांचे निधन झाले.

या यादीचे वर्णन बहुधा विक्रम म्हणून केले जाते. अभ्यासकाच्या दृष्टीने तीत नसलेली दोन वर्षे अधिक बोलकी आहेत. 1972 आणि 1995 मध्ये याच मतदारांनी त्यांना पराभूत केले, आणि दोन्ही वेळा पुढे परत बोलाविले. 2019 मध्ये त्यांचे नातू उभे राहिले असता हजाराहून कमी मतांच्या फरकाने शिवसेनेचे शहाजीबापू पाटील विजयी झाले. 2024 मध्ये देशमुखांचे दुसरे नातू बाबासाहेब देशमुख शेतकरी कामगार पक्षातर्फे निवडून आले. दीर्घ प्रतिनिधित्वाचे वतन होण्याचा धोका असतोच, आणि एकाच घराण्यातील उमेदवारी त्या शंकेस पुष्टी देते. परंतु वतन काढून घेण्याचा अधिकार रयतेस नव्हता. तो येथे मतदारांनी एकदा नव्हे, तीनदा वापरला.

दुसरा प्रश्न असा की, या प्रतिनिधीने नेमके कोणते कार्य केले? देशमुख यांना मंत्रिपद दोनदाच मिळाले: 1978 मध्ये शरद पवार यांच्या आणि 1999 मध्ये विलासराव देशमुख यांच्या मंत्रिमंडळात. उरलेला बहुतेक काळ ते विरोधी बाकांवर होते. तालुक्याची मुख्य गरज मात्र पाण्याची होती, आणि पाणी मतदारसंघाच्या सीमेत नव्हते. ते कृष्णेत होते, आणि कृष्णेचे पाणीवाटप राज्यांच्या पातळीवर ठरत होते. बच्छावत लवादाने 1976 च्या अंतिम निवाड्यात महाराष्ट्राच्या वाट्यास 560 अब्ज घनफूट पाणी दिले. हा वाटा 2000 सालापूर्वी वापरात आणण्याची निकड निर्माण झाली, तेव्हा नागनाथअण्णा नायकवडी, गणपतराव देशमुख व इतर कार्यकर्त्यांनी कृष्णा खोऱ्यातील 13 दुष्काळी तालुक्यांची चळवळ उभी केली. आटपाडीच्या पाणी परिषदा त्या चळवळीचे व्यासपीठ ठरल्या. कऱ्हाडजवळ टेंभू येथे कृष्णेचे पाणी उचलून खानापूर, आटपाडी, सांगोला यांसारख्या तालुक्यांपर्यंत नेणारी उपसा सिंचन योजना हे या मागणीचे एक फलित होय. एका मतदारसंघाचे हित साधण्यासाठी अनेक मतदारसंघांची एकजूट करावी लागली.

येथे प्रचलित व्यवस्थेतील एक मूलभूत विसंगती दिसते. मतदारसंघाची सीमा लोकसंख्येच्या मोजणीने ठरते. गरजेची सीमा पाणलोटाने. 2001 च्या जनगणनेवर आधारलेली मतदारसंघांची पुनर्रचना 2008 मध्ये अमलात आली. विधानसभेच्या एकूण जागा 288 च राहिल्या. परंतु तत्कालीन ठाणे जिल्ह्याच्या जागा 13 वरून 24 झाल्या, तर सोलापूर जिल्ह्याच्या 13 वरून 11 वर आल्या. सांगोल्याशेजारच्या मंगळवेढ्याचा स्वतंत्र मतदारसंघ उरला नाही. तो पंढरपुराशी जोडला गेला. प्रत्येक मताचे मूल्य समान असावे, हे तत्त्व न्याय्यच आहे. तथापि ज्या प्रदेशातून दुष्काळामुळे माणसे शहरांकडे जातात, त्या प्रदेशाचा आवाज त्याच कारणाने क्षीण होतो, ही गोष्ट त्या तत्त्वाच्या हिशेबात येत नाही. पुढील प्रत्येक पुनर्रचनेत हा प्रश्न दुष्काळी तालुक्यांपुढे उभा राहणार आहे.

सारांश, 'प्रतिनिधी' या शब्दाच्या दोन अर्थांपैकी कोणता खरा ठरतो, हे शब्दावर अवलंबून नसून स्वामित्व कोणाकडे राहते, यावर अवलंबून असते. सांगोल्यात 1750 मध्ये स्वामीने आपले अधिकार कागदावर लिहून दिले आणि ते परत मिळविण्याचा मार्ग त्यास उरला नाही. त्याच सांगोल्यात 1962 पासून मतदारांनी आपला प्रतिनिधी वारंवार निवडला, प्रसंगी नाकारला, पुन्हा निवडला. पहिल्या प्रसंगी प्रतिनिधी हा स्थानापन्न ठरला. दुसऱ्या प्रसंगी तो कार्यकर्ताच राहिला. मात्र निवडण्याचा व नाकारण्याचा अधिकार हाती असूनही मतदारसंख्या घटल्याने सभागृहातील वाटाच आक्रसत गेला, तर हे स्वामित्व नाममात्र उरण्याचा संभव आहे. ग्रामीण मतदारसंघांच्या पुढील अभ्यासाने या संभवाकडे विशेष लक्ष देणे आवश्यक आहे.