वयात येणाऱ्या मुलांचे शिक्षण : एक मागोवा
महाराष्ट्रात शरीरविषयक शिक्षणाची जाहीर चर्चा शाळेबाहेर सुरू झाली. रघुनाथ धोंडो कर्वे यांनी 1921 साली मुंबईत संततिनियमनाचे केंद्र उघडले आणि 1927 पासून अखेरपर्यंत ‘समाजस्वास्थ्य’ हे मासिक चालवले. त्यापायी त्यांच्यावर अश्लीलतेचे खटले झाले, परंतु त्यांचा वाचक प्रौढ होता, शाळकरी मूल नव्हे.

वर्गात हा विषय आला तो लोकसंख्येच्या चिंतेतून. 1980 साली सुरू झालेल्या राष्ट्रीय लोकसंख्या शिक्षण प्रकल्पात कुटुंबाचा आकार आणि राहणीमान यांचा संबंध शिकवला जाई. मुलाच्या स्वतःच्या बदलत्या शरीराला त्यात फारसे स्थान नव्हते. पुढे किशोरावस्था शिक्षण, म्हणजे साधारण 10 ते 19 या वयातील शारीरिक व मानसिक बदलांचे शिक्षण, ही संकल्पना रुजू लागली. मात्र 2005 च्या राष्ट्रीय कार्यक्रमामागे मुख्य प्रेरणा एड्सच्या भीतीची होती. 2007 मध्ये त्यातील चित्रे आणि मजकूर यांवरून वादळ उठले आणि महाराष्ट्रासह अनेक राज्यांनी हा कार्यक्रम थांबवला. ही माघार दुर्दैवी होती, कारण आक्षेप साहित्यावर असताना ते सुधारण्याऐवजी विषयच वर्गाबाहेर काढला गेला.

त्यानंतरच्या काळात मासिक पाळीतील स्वच्छता हा अधिक स्वीकारार्ह मार्ग ठरला. महाराष्ट्रात 2018 साली आलेल्या अस्मिता योजनेतून जिल्हा परिषद शाळांतील मुलींना सवलतीत सॅनिटरी पॅड मिळू लागले. ही सोय मोलाची असली, तरी त्यामुळे पाळी हा केवळ मुलींचा आणि स्वच्छतेचा प्रश्न उरला आणि मुलगे चर्चेच्या परिघाबाहेर राहिले. याउलट, गडचिरोलीत डॉ. राणी बंग यांच्या ‘तारुण्यभान’ उपक्रमाने मुलगे व मुली या दोघांशीही मोकळा संवाद साधला होता. सरकारी पातळीवर राष्ट्रीय किशोर स्वास्थ्य कार्यक्रमाने 2014 पासून पोषण, मानसिक आरोग्य आणि व्यसनमुक्ती यांना जोडून घेत मुलग्यांनाही सामावून घेतले, तर 2020 पासूनच्या शालेय आरोग्य कार्यक्रमात प्रत्येक शाळेतील दोन शिक्षकांना, शक्यतो एक स्त्री व एक पुरुष, प्रशिक्षण देण्याची तरतूद झाली.

मात्र राज्याच्या पाठ्यपुस्तकांत मानवी प्रजननाचा सविस्तर धडा आजही दहावीच्या विज्ञानात येतो, आणि तोवर वर्गातील बहुतेक मुलींची पाळी सुरू होऊन दोन-तीन वर्षे उलटलेली असतात.